छायालेखक डग्लस स्लोकम

चित्रपटगृहांतून बाहेर पडणाऱ्या मंडळींस नटनटींचीं नांवें तोंडपाठ असतात, दिग्दर्शकाचें नांव बहुतेकांस ठाऊक असतें, आणि गाणीं ज्यानें बसविलीं त्याचें नांव तर घरोघर होतें. पण ज्याच्या डोळ्यांनीं आपण तो सारा खेळ पाहिला त्या छायालेखकाचें नांव शंभरांत एकालाहि सांगतां यावयाचें नाहीं. 'प्रभात'चा 'संत तुकाराम' १९३६ सालीं निघाला. विष्णुपंत पागनीसांची ती मुद्रा आज सुमारें नव्वद वर्षें लोटलीं तरी मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर उभी राहते. परंतु त्या मुद्रेवर प्रकाश कोणीकडून आणि किती पडावा हें ज्यांनीं ठरविलें, त्या व्ही. अवधूत यांचें नांव किती घरांत निघतें? दोष केवळ प्रेक्षकांचा नाहीं. ही कलाच अशी आहे कीं ती उत्तम साधली म्हणजे दिसेनाशी होते आणि फसली म्हणजे तेवढीच डोळ्यांत भरते.

त्यांतून हा छायालेखक जर स्टंटपटांचा असेल तर बोलावयासच नको. १९३५ सालीं वाडिया बंधूंचा 'हंटरवाली' निघाला आणि चाबूक हातीं घेतलेल्या नादियाला पाहण्यास सामान्य प्रेक्षक लोटला. पण पांढरपेशा वस्तींत असल्या चित्रपटांचें नांव काढणें कमीपणाचें वाटे. हा भेदभाव अजून पुरता गेलेला नाहीं. कोट्यवधि डॉलर ओतून काढलेल्या हॉलिवुडच्या साहसपटांना आपण मुलांच्या निमित्तानें जातों, दोन तास जीव मुठींत धरून बसतों आणि घरीं आल्यावर 'करमणूक बरी होती' एवढें म्हणून हात झटकतों. त्या करमणुकीच्या पाठीमागें एखादें सबंध आयुष्य उभें असेल, आणि त्या आयुष्यांत युरोपच्या इतिहासाचें एक काळेंकुट्ट पान डकविलेलें असेल, ही शंकाहि आपणांस शिवत नाहीं.

'रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क' हा चित्रपट १९८१ सालीं निघाला. त्याच्या आरंभींच नायक इंडियाना जोन्स पाठमोरा चालत असतो. त्याच्यावर पिस्तूल रोखणाऱ्याच्या हातावर चाबकाचा फटकारा बसतो, आणि मग प्रथमच तो सावलींतून उजेडांत एक पाऊल पुढें टाकतो. नायकाची ओळख एका शब्दावांचून, केवळ छायाप्रकाशानें करून देणारें हें दृश्य ज्यानें उजळिलें तो डग्लस स्लोकम त्या वेळीं ६७ वर्षांचा होता. इतर लोक ज्या वयांत निवृत्तिवेतनाचे हिशेब करतात त्या वयांत यानें जगांतील सर्वांत धांवपळीच्या चित्रपटांचें काम अंगावर घेतलें आणि पुढें आठ वर्षें तें निभावलें. परंतु वयाची गोष्ट मी केवळ नवल म्हणून सांगत आहें. खरी गोष्ट निराळी आहे. 'रेडर्स'मध्यें जे नाझी सैनिक व हेर पडद्यावर धांवतात आणि ज्यांची फजिती पाहून आपण टाळ्या पिटतों, ते सारे वेषधारी नट होते; पण त्यांच्यावर प्रकाश टाकणाऱ्या या गृहस्थानें खरे नाझी, त्यांच्या भरतीच्या दिवसांत, हातभर अंतरावरून पाहिले होते.

डग्लसचा जन्म १० फेब्रुवारी १९१३ रोजीं लंडन येथें झाला. बालपण मात्र पॅरिसमध्यें गेलें. त्याचे वडील जॉर्ज स्लोकम हे 'डेली हेरल्ड' या मजूरपक्षीय दैनिकाचे पॅरिस येथील बातमीदार होते. हें नांव आपल्या राजकीय इतिहासाच्या वाचकांस परकें नाहीं. १९३० च्या मे महिन्यांत, मिठाच्या सत्याग्रहांत अटक होऊन महात्माजी येरवड्याच्या तुरुंगांत असतां, तेथें जाऊन त्यांची मुलाखत मिळविणारे विलायती वार्ताहर ते हेच. वडाळ्याच्या मिठागरांवर सत्याग्रहींचें काय झालें, हेंहि त्यांनीं समक्ष पाहून आपल्या पत्रास कळविलें. पुढच्याच महिन्यांत मुंबईस त्यांनीं पंडित मोतीलाल नेहरूंची भेट घेतली, आणि त्या भेटींतूनच सर तेजबहादुर सप्रू व बॅरिस्टर मुकुंदराव जयकर यांच्या तडजोडीच्या खटपटीस तोंड फुटलें. ती खटपट सिद्धीस गेली नाहीं. तरी एका इंग्रज पत्रकारानें आपल्याच सरकारच्या तुरुंगाच्या भिंतीपलीकडचें सत्य आपल्या देशबांधवांना कळवावें, ही गोष्ट लहान नव्हे. बाप आपल्या डोळ्यांनीं पाहून लिहिणारा होता. मुलानें हा वारसा लेखणीऐवजीं कॅमेऱ्यानें चालविला.

पॅरिसच्या सॉर्बोन विद्यापीठांत गणिताची पदवी घेऊन डग्लस १९३३ सालीं लंडनला परतला, एका वृत्तसंस्थेंत कांहीं काळ राहिला आणि मग छायाचित्रें घेऊन नियतकालिकांना देऊं लागला. १९३९ सालीं वृत्तपत्रांतील एका मथळ्यावरून त्याचें लक्ष डान्झिगकडे गेलें. डान्झिग हें बाल्टिक किनाऱ्यावरचें बंदर व्हर्सायच्या तहानें जर्मनीपासून तोडून राष्ट्रसंघाच्या देखरेखीखालीं 'स्वतंत्र शहर' म्हणून ठेवण्यांत आलें होतें. वस्ती बहुतेक जर्मन, सत्ता नाझी पक्षाच्या हातीं, आणि सभोंवार पोलंड. आज तें ग्दान्स्क या नांवानें पोलंडांत आहे. त्या वेळीं मात्र युरोपच्या दारूखान्यांतील ती वात होती. डग्लस आपला छोटा लायका कॅमेरा घेऊन तेथें गेला. यहुद्यांच्या दुकानांच्या कांचांवर रंगविलेल्या शिव्या, प्रार्थनामंदिरावर लटकाविलेला यहुदीद्वेषाचा फलक, रस्त्यारस्त्यांवरून चाललेले गणवेष, हें सर्व त्यानें टिपून आणिलें आणि 'लाइफ' व 'पिक्चर पोस्ट' या साप्ताहिकांनीं तें छापलें.

तीं चित्रें हर्बर्ट क्लाइन नांवाच्या अमेरिकन माहितीपटकाराच्या पाहण्यांत आलीं. युद्धाच्या उंबरठ्यावर उभ्या असलेल्या युरोपवर तो एक चित्रपट तयार करीत होता. त्यानें स्लोकमच्या हातीं आयमो जातीचा, किल्ली देऊन चालणारा चलच्चित्रांचा कॅमेरा दिला आणि पुन्हां डान्झिगला धाडलें. चित्रपटाचें शिक्षण म्हणून स्लोकमला एवढेंच मिळालें. गोबेल्सच्या सभेंत तो हा कॅमेरा घेऊन शिरला असतां ऐन भाषणांत फिल्म अडकली आणि यंत्रानें मोठा खरखराट केला. बोलतां बोलतां गोबेल्स थांबला आणि सभेचे डोळे या परक्या तरुणाकडे वळले. पुढें एक सिनेगॉग जळत असतां तें चित्रित करतांना तो पकडला गेला आणि त्याला एक रात्र कोठडींत काढावी लागली. यानंतरहि तो परत गेला नाहीं. १ सप्टेंबर १९३९ रोजीं जर्मन फौजा पोलंडांत घुसल्या तेव्हां तो आणि क्लाइन वॉर्सा येथें होते.

या प्रसंगाविषयीं त्यानें उतारवयांत जें सांगितलें त्यांतील एक बोल ध्यानांत ठेवण्यासारखा आहे. युद्ध म्हणजे पहिल्या महायुद्धांतल्यासारखे खंदक, समोरासमोर बसलेल्या फौजा, अशीच त्याची कल्पना होती. रणगाडे आणि विमानें यांची ही वावटळ त्याच्या कल्पनेंतच नव्हती. वॉर्सा सोडून ज्या आगगाडीनें ते निघाले तिच्यावर जर्मन विमानांनीं गोळ्यांचा वर्षाव केला, आणि एका लहान मुलीनें त्याच्या डोळ्यांदेखत प्राण सोडला. पुढें शेतकऱ्याकडून घोडागाडी विकत घेऊन, मजल दरमजल करीत ते लाटव्हियांत रीगा येथें पोंचले, आणि तेथून स्टॉकहोममार्गें लंडनला. जवळ चित्रित केलेली फिल्म होती. ती १९४० सालीं 'लाइट्स आउट इन युरोप' या नांवानें पडद्यावर आली. निवेदन जेम्स हिल्टन या कादंबरीकारानें लिहिलें आणि फ्रेड्रिक मार्च या नटानें वाचलें. पुढें सबंध हयात ज्यानें दिवे लावण्यांत घालविली त्याच्या पहिल्या चित्रपटाचें नांव 'युरोपांत दिवे मालवले' असें असावें, हा योगायोग कोणा नाटककारानें घडविला असतां तर आपण त्याला कृत्रिम म्हटलें असतें.

लंडनमध्यें काव्हालकान्ती या ब्राझीलच्या दिग्दर्शकाशीं त्याची गांठ पडली आणि त्याच्या ओळखीनें तो ईलिंग स्टुडिओंत आला. प्रारंभीं सरकारी माहितीखात्यासाठीं आरमाराच्या जहाजांवरून व विमानांतून चित्रीकरण करण्याचें काम त्याच्याकडे होतें, आणि त्यांतील दृश्यें ईलिंगच्या युद्धपटांत वापरलीं जात. स्टुडिओच्या चार भिंतींतलें काम यानंतर सुरू झालें. येथें एक भेद समजून घेतला पाहिजे. रणांगणावर किंवा रस्त्यावर प्रकाश मिळेल तो घ्यावयाचा असतो. सूर्य ज्या बाजूस असेल त्या बाजूस आपण वळावयाचें. स्टुडिओंत उलट, पहिल्यानें मिळतो तो संपूर्ण काळोख. त्यांत कोठें किती उजेड पेरावयाचा हें छायालेखकानें ठरवावयाचें. एका विद्येंतून दुसरींत जातांना पुष्कळांची त्रेधा उडते. स्लोकमची ती उडाली नाहीं, कारण सूर्याचा उजेड कसा पडतो हें त्यानें इतकें पाहिलें होतें कीं दिव्यांच्या उजेडाकडूनहि तो तसेंच वागण्याची अपेक्षा ठेवी. १९४७ चा 'ह्यू अँड क्राय' हा मुलांच्या धाडसाचा चित्रपट त्यानें बाँबनें उद्ध्वस्त झालेल्या खऱ्याखुऱ्या लंडनमध्यें टिपला. त्या ढिगाऱ्यांवरून धांवणारीं पोरें पाहतांना हंसूं येतें, आणि ढिगारे खरे आहेत हें आठवलें म्हणजे तें हंसूं ओठांवरच राहतें.

ईलिंगच्या काळांतील त्याच्या कौशल्याची एक हकीकत फार प्रसिद्ध आहे आणि ती सांगितल्यावांचून पुढें जाववत नाहीं. १९४९ च्या 'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स' या उपरोधिक चित्रपटांत ॲलेक गिनेस या नटानें एकाच सरदारघराण्यांतील आठ जणांच्या भूमिका केल्या. एका दृश्यांत त्यांपैकीं सहा जण एकाच वेळीं गिर्जाघरांत दिसावयाचे होते. आज संगणकाच्या साह्यानें हें चुटकीसरशी होईल. त्या वेळीं स्लोकमनें कॅमेरा जमिनीशीं घट्ट जखडला, भिंगापुढें काळे पडदे लावून एका वेळीं चित्राचा एकच भाग उघडा ठेविला, तेवढ्या भागांत एका वेषांतील गिनेसला टिपलें, मग फिल्म मोजून मागें गुंडाळली आणि दुसरा भाग उघडला. मध्यंतरीं नटाचा वेष व रंगभूषा बदलण्यास तास न् तास लागत. सहा वेळां हें करावयाचें. आणि या सर्व अवधींत कॅमेऱ्याला कोणाचा नुसता धक्का लागला तरी सहाहि गिनेस वाया! म्हणून रात्रीं स्वतः स्लोकम त्या कॅमेऱ्याजवळ निजला. पडद्यावर हें दृश्य कांहीं क्षणांत सरतें, आणि पाहणाऱ्याला त्यांत चमत्कार झाल्याची जाणीवहि होत नाहीं. गणिताचा पदवीधर या कामीं उपयोगी पडला असेल. परंतु रात्रीची राखण ही गणिताची गोष्ट नव्हे.

ईलिंग स्टुडिओची जागा १९५५ सालीं बी. बी. सी. ला विकली गेली आणि पुढें स्लोकम कोणा एका संस्थेचा न राहतां स्वतंत्रपणें कामें घेऊं लागला. या दीर्घ काळांतील सर्व चित्रपटांची जंत्री देण्यांत अर्थ नाहीं. ते एकंदरींत ऐंशीच्या वर भरतात. १९६३ च्या जोसेफ लोझीकृत 'द सर्व्हंट'चा मात्र उल्लेख केला पाहिजे. धनी आणि नोकर यांची पायरी हळूहळू उलटत जाते, अशी ती कथा. जवळजवळ सारी एका घरांत घडते. आरंभीं त्या घरांत उजेड मोकळा व समसमान आहे. जसजसा नोकर धन्याच्या मानेवर बसतो तसतशा सावल्या दाट होत जातात, आणि भिंतीवरच्या फुगीर आरशांत माणसें वांकडींतिकडीं दिसूं लागतात. शब्दांनीं जें सांगावयाचें टाळलें तें प्रकाशानें सांगितलें. ज्यांना हा गृहस्थ केवळ धांवत्या मोटारींचा व चाबकांचा छायालेखक वाटतो त्यांनीं हा चित्रपट अवश्य पाहावा. आणि ज्यांना 'द सर्व्हंट'च तेवढा आवडतो त्यांनीं १९६९ चा 'द इटालियन जॉब' पाहावा, ज्यांत तीन चिमुकल्या मिनी मोटारी सोन्याच्या विटा घेऊन तुरिन शहराच्या कमानींखालून, जिन्यांवरून व छपरांवरून पळतात. दोहोंचा डोळा एकच आहे.

त्या डोळ्याचें एक लक्षण त्याच्या सहकाऱ्यांनीं वारंवार सांगितलें आहे. फिल्मवर प्रकाश कमी पडला तर चित्र काळोखांत बुडतें, अधिक पडला तर फिकें पडतें. म्हणून प्रकाश मोजण्याचें एक लहानसें यंत्र असतें आणि तें बहुतेक छायालेखकांच्या गळ्यांत बांधलेलें असतें. 'रेडर्स'च्या चित्रीकरणांत स्लोकमनें तें कधीं वापरलेलें आपण पाहिलें नाहीं, असें हॅरिसन फोर्डनें सांगितलें आहे. तो आपला पंजा उजेडांत धरी आणि तळहातावर अंगठ्याची जी सावली पडे ती पाही. सावलीची कड तीक्ष्ण कीं मऊ, तिचा काळेपणा किती, एवढ्यावरून सगळा हिशेब बसे. वाचकांना ही जादूगिरी वाटेल. परंतु आपल्याकडे सोनार डाळीएवढें सोनें तळहातावर घेऊन वजन सांगतो, किंवा हलवाई पाकाची तार बोटांत धरून तो उतरवावयाचा क्षण ठरवितो, त्यांतलाच हा प्रकार. मोजमाप टाळलेलें नसतें. तें अंगांत मुरलेलें असतें. आणखी एक गोष्ट. ब्रिटिश रीतींत मुख्य छायालेखक कॅमेऱ्याला स्वतः डोळा लावून बसत नाहीं. तें काम दुसऱ्याचें. स्लोकमजवळ हें काम अनेक वर्षें चिक वॉटरसन या एकाच गृहस्थानें केलें. त्यामुळें स्लोकमची नजर कायम दिव्यांवर आणि त्यांच्या सावल्यांवर राही.

१९७७ हें वर्ष त्याच्या आयुष्यांत चमत्कारिक ठरलें. त्या वर्षीं फ्रेड झिनेमनचा 'ज्यूलिया' निघाला. हिटलरच्या राजवटींत एक अमेरिकन लेखिका आपल्या मैत्रिणीच्या कामासाठीं चोरून पैसे घेऊन बर्लिनला जाते, ही त्याची कथा. दिग्दर्शकाचे आईबाप नाझींच्या नरसंहारांत गेले होते. छायालेखकानें त्या संहाराचा पहिला धूर डान्झिगमध्यें पाहिला होता. त्या चित्रपटांतील आगगाडीचा प्रवास पाहावा. आरडाओरडा नाहीं, रक्त नाहीं. डब्यांतला पिंवळट उजेड, कांचेवरची वाफ, दारांत उभा राहिलेला गणवेष. भीति कशी असते हें ऐकून माहीत असलेला मनुष्य असें चित्र काढीत नाहीं, असें मला वाटतें.

'ज्यूलिया'बद्दल ॲकॅडमी पारितोषिकासाठीं स्लोकमचें नांव सुचविलें गेलें, पण पारितोषिक मिळालें तें स्टीव्हन स्पीलबर्गच्या 'क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड'चा छायालेखक व्हिल्मोश झिग्मंड यास. गंमत अशी कीं याच चित्रपटांतील हिंदुस्थानचा भाग स्लोकमनेंच चित्रित केला होता. आभाळांतून आलेला सूर ऐकून हजारों लोक एका आवाजांत तो गातात आणि कोठून आला असें विचारतांच सगळीं बोटें वर जातात, तो हा प्रसंग. कथेंत ही जागा उत्तर हिंदुस्थानांत दाखविली आहे. चित्रीकरण मात्र झालें खोपोलीजवळच्या हाळ गांवीं, म्हणजे त्या वेळच्या कुलाबा जिल्ह्यांत. येरवड्याहून निघालेला रस्ता बोरघाट उतरून जेथें खालीं येतो तेथेंच, सत्तेचाळीस वर्षांनीं, जॉर्ज स्लोकमचा मुलगा कॅमेरा मांडून बसला होता. स्पीलबर्गशीं त्याचें सूत जुळलें तें येथें. आणि पुढें इंडियाना जोन्सचे पहिले तिन्ही चित्रपट त्याच्याकडे आले.

'रेडर्स'ला सुमारें २ कोटि डॉलर खर्च आला आणि चित्रीकरण ७३ दिवसांत आटोपलें. असल्या विस्ताराच्या चित्रपटाला हा वेग फार मोठा, आणि तो छायालेखकाच्या हातांत असतो. दिवे लावण्यास जो वेळ घेतो तो साऱ्यांचा वेळ खातो. स्लोकमचे दिवे झटपट लागत. त्यांतील सर्पांची विहीर आठवा: काळोख, हजारों साप आणि दोन मशाली. मशालीचा जाळ पडद्यावर दिसतो खरा, पण त्यानें एवढी जागा उजळत नसते. उजेड लपविलेल्या दिव्यांचा असतो, आणि तो मशालीचाच आहे असें वाटावें यांत सारी कारागिरी असते. दुसरें दृश्य भूमिगत नकाशाघराचें. ठराविक वेळीं वरून सूर्यकिरण येतो, काठीच्या टोंकावरील स्फटिकांतून जातो आणि लहानशा प्रतिकृतीच्या नगरांतील नेमक्या जागीं पडतो. यांत विशेष दृश्यांच्या कारागिरांचाहि हात होता, तरी सबंध चित्रपटांत नायकाला खरी वाट दाखविणारा तोच एक किरण आहे.

आणि नाझी? त्या चित्रपटांतील पाणबुड्यांचा तळ फ्रान्समध्यें ला रोशेल येथें चित्रित झाला, आणि तो देखावा नव्हता. महायुद्धांत फ्रान्स ताब्यांत असतां जर्मनांनीं बांधलेला तो सिमेंटचा खराखुरा तळ होता. तेथें गणवेषधारी नटांवर प्रकाश टाकतांना या वृद्धाच्या मनांत काय आलें असेल, याची कल्पना करण्याचा मला अधिकार नाहीं. पडद्यावर जें दिसतें तेवढें सांगतों. कथेच्या दृष्टीनें ते नाझी बाहुल्याच आहेत. पण त्यांच्यावरील प्रकाश बाहुल्यांवरचा नाहीं. दारू पिण्याच्या त्या हिमालयांतील गुत्त्यांत चष्मा घातलेला तो गेस्टापोचा हेर शिरतो, तेव्हां त्याच्या आधीं त्याची सावली येते आणि हंसतें पोर गप्प होतें. पटकथेंत तो हास्यास्पद होण्याचा संभव होता. सावलीनें तो तसा होऊं दिला नाहीं.

पण येथवर आल्यावर एक कडू गोष्ट टाळतां येत नाहीं. १९८४ सालीं या मालिकेंतला दुसरा चित्रपट, 'इंडियाना जोन्स अँड द टेंपल ऑफ डूम', निघाला. कथा १९३५ च्या हिंदुस्थानांत घडते. राजवाड्यांतील मेजवानींत पाहुण्यांना माकडांचे मेंदू व डोळ्यांचें सूप वाढतात. तळघरांत कालीच्या मूर्तीपुढें जिवंत माणसांचीं काळजें उपसून काढतात. आणि अखेरीस ब्रिटिश अंमलदार पलटण घेऊन येतो तेव्हां निरपराध्यांची सुटका होते. हिंदुस्थान सरकारनें संहितेंत बदल मागितले व ते जमले नाहींत, म्हणून बाहेरचीं दृश्यें सिंहलद्वीपांत कॅंडीजवळ घेण्यांत आलीं. चित्रपट तयार झाल्यावर येथें त्याला प्रारंभीं मज्जावहि झाला. अमरीश पुरीसारखा समर्थ नट त्यांत नरबळी देणाऱ्या पुजाऱ्याच्या भूमिकेंत आहे, आणि 'गांधी' चित्रपटांत जवाहरलाल झालेले रोशन सेठ त्या संस्थानचे दिवाण आहेत.

'हा तर पोरखेळ, तो मनावर काय घ्यावयाचा?' असें म्हणणारे पुष्कळ आहेत. मला तें पटत नाहीं. पोरखेळांतून पोरें शिकतात. आणि या चित्रपटाचें छायालेखन वाईट असतें तर अन्याय निम्म्यानें कमी झाला असता, कारण कोणी विश्वासच ठेविला नसता. तें उत्तम आहे, हेंच दुःख. त्या तळघरांतला लालभडक उजेड, वितळलेल्या दगडाच्या डोहावरून वर येणारी ती झळ, हें सर्व इतक्या सफाईनें केलें आहे कीं जगाच्या दुसऱ्या टोंकाच्या मुलाला हिंदुस्थान म्हणजे तेंच वाटावें. १९३० सालीं बापानें येरवड्याच्या कोठडींतून आणि वडाळ्याच्या मिठागरांवरून जो हिंदुस्थान विलायतेला कळविला, त्याच्यापुढें मुलानें उजळिलेला हा १९३५ चा हिंदुस्थान ठेवून पाहावा! संहिता त्याची नव्हती, दिग्दर्शन त्याचें नव्हतें, हें खरें. तथापि प्रकाश त्याचा होता, आणि त्या प्रकाशाचें श्रेय द्यावयाचें तर त्याचा भारहि त्याच्या नांवावर लिहिला पाहिजे. मला त्याचें कारण असें दिसतें. नाझींच्या अंधाराला स्लोकमजवळ स्वतःच्या डोळ्यांचा आधार होता, म्हणून तो अंधार विनोदी कथेंतहि खरा उतरला. कालीच्या मंदिराला आधार होता केवळ जुन्या विलायती कादंबऱ्यांतील ठगांचा. तेथें डोळा रिता होता आणि हात तेवढा काम करीत होता. खोपोलीजवळ त्यानें जो हिंदुस्थान टिपला तोहि बोटें वर करणाऱ्या जमावाचाच. एकट्या माणसाच्या चेहऱ्यावर, 'ज्यूलिया'तल्या डब्यांत थांबला तसा, त्याचा दिवा हिंदी माणसापाशीं कधीं थांबला नाहीं.

तिसरा चित्रपट, 'इंडियाना जोन्स अँड द लास्ट क्रूसेड', १९८९ सालीं आला. त्याचें चित्रीकरण चालूं असतां स्लोकम ७५ वर्षांचा होता. त्यांत बर्लिनमधील पुस्तकांच्या होळीचें दृश्य आहे. इतिहासाच्या अभ्यासकाला तेथें एक चूक खटकेल: ती प्रसिद्ध होळी १० मे १९३३ ची, आणि कथा तर १९३८ ची. चित्रपटवाल्यांनीं काळाची ओढाताण केली आहे. पण त्या दृश्यांतल्या ज्वाळांकडे पाहावें. रात्र, मशाली, निशाणें, आणि आगीच्या उजेडांत मधूनच उजळून पुन्हां काळोखांत जाणारे चेहरे. चेहऱ्यांवर क्रौर्य नाहीं. उत्सवाचा आनंद आहे. पटकथेंत हा प्रसंग थट्टेचा आहे, खुद्द हिटलर गर्दींत नायकाच्या वहीवर सही ठोकून पुढें जातो. त्या थट्टेच्या कडेनें मात्र या आनंदी चेहऱ्यांवर जो तांबूस उजेड हलतो तो थट्टेचा नाहीं. जळत्या सिनेगॉगपाशीं ज्याला पकडलें होतें त्याच मनुष्यानें पन्नास वर्षांनीं, इंग्लंडमधील एका शाळेच्या इमारतीसमोर, ही आग पेटवून घेतली होती.

त्यानंतर त्यानें चित्रपट केला नाहीं. ब्रिटिश ॲकॅडमीचीं पारितोषिकें त्याला तीन वेळां मिळालीं, 'द सर्व्हंट', 'द ग्रेट गॅट्स्बी' आणि 'ज्यूलिया' यांबद्दल. अमेरिकन ॲकॅडमीसाठीं नांव तीन वेळां सुचविलें गेलें आणि तिन्ही वेळां हुकलें. इंग्लंडच्या राणीनें २००८ सालीं किताब दिला. अखेरच्या वर्षांत त्याची दृष्टि जवळजवळ गेली होती. २०१४ सालीं, वयाच्या १०१ व्या वर्षीं, बी. बी. सी. च्या वार्ताहराला त्यानें डान्झिगची हकीकत सांगितली: कॅमेऱ्याचा तो खरखराट, गोबेल्सचें थांबणें, वॉर्साहून निघालेली आगगाडी आणि ती लहान मुलगी. २२ फेब्रुवारी २०१६ रोजीं लंडन येथें तो वारला.